ग्वांगझूहून फोटो आला नाही

ग्वांगझू मी पाहिलेलं नाही. हे आधीच सांगून टाकलेलं बरं, कारण मस्कतमधली कितीतरी माणसं मला त्या शहराची जाणकार समजत. नदीतल्या बोटीत कुठल्या बाजूला बसावं, कमरेत बारीक असलेल्या त्या उंच मनोऱ्यावर ऊन उतरल्यावर जावं की आधी, जुन्या मशिदीच्या आसपास हलाल जेवण कुठे बरं मिळतं, हे सगळं मला तोंडपाठ होतं. चीनच्या विमानात मात्र मी कधी चढले नाही. आमच्या धंद्यात हे असंच चालतं. जगाला फिरायला पाठवणारी बाई मस्कतच्या अझैबा भागातल्या ऑफिसात, एका बाजूला फार्मसी आणि दुसऱ्या बाजूला लाँड्री अशा गाळ्यात, एसीखाली शाल पांघरून बसलेली असते.

ओमानी व्यापारी ग्वांगझूला जातात ते माल बघायला. दिवे, टाइल्स, पडद्यांचं कापड. चार दिवस बाजार आणि कारखाने यांत पायांचे तुकडे पडतात आणि मग शेवटचा एक दिवस शहर बघायला ठेवतात. त्या दिवसासाठी आम्ही द्यायचो खास गाईड. म्हणजे ग्रुप नाही, बस नाही, झेंडा धरून पुढे चालणारी बाई नाही. एक गाडी, एक ड्रायव्हर, एक गाईड आणि गिऱ्हाईक म्हणेल तसा दिवस. ऐकायला सोपं वाटतं. पण तिकडचा गाईड आम्ही पाहिलेला नसतो, गाडी पाहिलेली नसते, आणि गिऱ्हाईकाच्या मनात नक्की काय आहे हे तर खुद्द गिऱ्हाईकालाही ठाऊक नसतं. आम्ही विकायचो तो भरवसा, आणि तोसुद्धा दुसऱ्याच्या जिवावर.

माझा स्वभाव मुळात काळजीचा. आई म्हणायची, शुभदाला चिंता करायला विषय मिळाला नाही तर ती शेजाऱ्यांकडून उसना आणेल. म्हणून मी एक नियम घातला होता. प्रत्येक ठिकाणी पोचलं की गाईडने मला गिऱ्हाईकाचा फोटो पाठवायचा. चेहरा दिसला की मी श्वास सोडायची आणि पुढच्या फोटोपर्यंत परत धरायची. तिकडचे गाईड मला ‘फोटो मॅडम’ म्हणत. आमचे मॅनेजर हमीदभाई, रत्नागिरीजवळच्या खाडीकाठचे, मला हसायचे. “अगो, ती माणसा फिरायला गेलीत, तू कशाला दमतंस?”

पण त्या फोटोंनी मला बरंच काही दाखवलंय. सोहार औद्योगिक वसाहतीतल्या एका मराठी इंजिनियरचं कुटुंब गेलं होतं. पक्के शाकाहारी, बरोबर त्यांच्या आई. मी गाईडला दहादा बजावलं, मांस नको, मासे नकोत, अंडंही नको. त्याने बिचाऱ्याने शोधून शोधून बौद्ध मंदिराजवळच्या शुद्ध शाकाहारी खानावळीत नेलं. मला फोटो आला तो असा की टेबलावर खवल्यांसकट आख्खा मासा, शेजारी भाजलेलं बदक, आणि आजी पदर तोंडाला लावून भिंतीकडे वळलेल्या. पाठोपाठ इंजिनियरांचा फोन. “अहो मॅडम, हे काय चाललंय?” तो मासा सोयाबीनचा आणि बदक मैद्याचं होतं. तिथल्या शाकाहारी स्वयंपाक्यांना तसं करण्यात मोठा अभिमान वाटतो. मी फोनवरून परोपरीने समजावलं. आजी म्हणाल्या, “सोयाबीनचा असेल, पण माझ्याकडे बघतोय ना तो.” दिवसभर त्यांनी केळ्यांवर काढलं. गाईड मात्र मनातून दुखावला गेला, आणि त्याचं मला आजीपेक्षा जास्त वाईट वाटलं.

अशा गोष्टी जेवताना सांगून हसता येतात. अबू खालिदच्या दिवसाचं मात्र मला अजून हसू येत नाही.

अबू खालिद म्हणजे अल खौदमधल्या पडद्यांच्या दुकानाचे मूळ मालक. दुकान आता मुलगा खालिद बघतो. म्हातारे उमेदीच्या काळात दरवर्षी ग्वांगझूला जायचे, आणि त्यांच्या तोंडी सतत त्या शहराचं नाव. बायपास झाल्यावर डॉक्टरांनी लांबचा प्रवास बंद केला. मग त्यांनी हट्ट धरला की खालिद माल बघायला जाईल तेव्हा आईला घेऊन जावं. जन्मभर जे शहर ऐकलं, ते तिने एकदा डोळ्यांनी बघावं. शेवटच्या दिवशी खालिदला शेजारच्या शहरातल्या कारखान्यात जायचं होतं, तेव्हा आईसाठी गाडी आणि गाईड. “बिंती,” ते मला म्हणाले. बिंती म्हणजे माझी मुलगी. “गाईड लेडी होना. और फोटो मैं इधर बैठ के देखेगा.”

मी बाई गाईड दिली. मेई नावाची, थोडं अरबी शिकलेली. विमानतळावर घ्यायला तीच गेली होती, चार दिवस हॉटेलात येऊन विचारपूस करून जायची. उम्म खालिदना, म्हणजे खालिदच्या आईंना, तिचा लळा लागल्याचं खालिदने कळवलं होतं. मी निर्धास्त होते, म्हणजे माझ्या मानाने निर्धास्त.

त्याच आठवड्यात चिपळूणला आई अंगणात पडली होती. खुब्याचं हाड मोडलं. साखर उतरली की ऑपरेशन करायचं म्हणून तिला दवाखान्यात ठेवलं होतं. माझा भाऊ अजित रोज तिचा फोटो पाठवायचा आणि खाली लिहायचा, ‘आई मजेत. तू धावपळ करून येऊ नकोस.’ आमचा सीझन चालू होता. फोटोत आई हसत असायची, आणि मी स्वतःला सांगायची, चेहरा दिसतोय, ठीक आहे.

चीन आमच्या चार तास पुढे. मी ऑफिसात पोचायच्या आत तिकडे अर्धा दिवस सरलेला असतो. त्या सकाळी घरीच मेसेज आला. मेईला रात्री पोटात दुखू लागलं, अपेंडिक्स, दवाखान्यात नेलंय, तिच्या जागी चेन नावाचा गाईड. पुरुष! माझ्या हातातला चहाचा कप तसाच राहिला. मी खालिदला फोन केला. तो म्हणाला, “ड्रायव्हर वयस्कर आहे, आई त्याला ओळखते, मागे बसेल, चालेल.” मग चेनचे फोटो सुरू झाले. नदीकाठी उम्म खालिद, काळी अबाया, तोंडावर हसू नाही. बागेत उम्म खालिद, तसंच. खाली चेनने लिहिलं होतं, ‘मॅडम पुन्हा पुन्हा मेईबद्दल विचारतात. मी सांगितलं, ती बरी आहे, काळजी नको.’ मी उत्तरात अंगठा पाठवला आणि ऑफिसला निघाले.

अबू खालिद माझ्याआधीच येऊन बसलेले. अंगात इस्त्रीची पांढरी दिशदाशा, तो पायघोळ ओमानी झगा, हातात काठी, पायाशी कहव्याचा, म्हणजे अरबी कॉफीचा, थर्मास आणि खजुराचा डबा. मला, हमीदभाईंना आणि लाँड्रीवाल्याला कहवा पाजून झाला. मी आलेले फोटो दाखवले. ते चष्मा वर करून एकेका फोटोवरून बोट फिरवायचे. “ये नदी. इधर मैं बैठता था.” बायकोपेक्षा तिच्या मागचं शहर जास्त बघत होते, पण मधूनच म्हणायचे, “हसती क्यूँ नहीं?”

मग चेनचा मेसेज आला की मॅडम मशिदीत नमाजला गेल्यात, तो जवळच जेवणाचं टेबल बघायला चाललाय. त्यानंतर सगळं थांबलं.

आणि मग आला फोन. चेनचं इंग्रजी आधीच तुटक, त्यात तो धापा टाकत होता. मॅडम मशिदीत नाहीत. दारात नाहीत. गाडी नाही. ड्रायव्हर फोन उचलत नाही. मॅडमचा फोन बंद.

मी खुर्ची फिरवून पाठ करून बोलत होते. एक सत्तरीची बाई, चिनी एक शब्द येत नाही, त्या अफाट शहरात, एका परक्या माणसाच्या गाडीत, आणि तिचा नवरा माझ्यामागे हाताच्या अंतरावर खजुरातल्या बिया काढत बसलेला. बायपास झालेला नवरा.

“बिंती, फोटो किधर?”

“अभी आएगा, बाबा. मस्जिद में है. नमाज चल रहा है.”

मी उठून आतल्या छोट्या पँट्रीत गेले. हमीदभाई पाठोपाठ आले. “काय झाला गो? तोंड कशाला उतरला?”

मी सांगितलं. त्यांनी डोक्यावरची टोपी काढून परत घातली. “त्या म्हाताऱ्याला काय बोलू नको. पेशंट माणूस. हय त्याला काय झाला तर आपण काय करणार? आधी पोराला फोन लाव.”

खालिदला लावला. लागेना. कारखान्याच्या आत असेल, आवाज असेल. परत लावला. ग्वांगझूच्या एजन्सीला लावला. त्यांची मॅनेजर बाई म्हणाली, ड्रायव्हर जुना माणूस आहे, असं कधी करत नाही. ‘असं कधी करत नाही’ हे वाक्य मी इतक्यांदा गिऱ्हाईकांना ऐकवलंय की त्याची किंमत मला पक्की ठाऊक आहे. “पोलिसात सांगू का?” तिने विचारलं. मी म्हटलं, थोडं थांबा. का थांबा म्हटलं, मलाही माहीत नाही. पोलीस हा शब्द उच्चारला की ते खरं होईल अशी भीती वाटली असावी.

बाहेर आले. बाबांनी माझ्यासाठी पुन्हा कहवा ओतून ठेवला होता. त्या चिमुकल्या कपाची रीत अशी की नको असेल तर तो हातात हलवून परत द्यायचा, नाहीतर यजमान भरतच राहतो. मी हलवायचं विसरत होते आणि ते भरत होते.

“नमाज खतम हुआ होगा,” ते म्हणाले. “खाना खाती?”

“हां बाबा, खाना.”

“फोटो?”

“आएगा.”

खोटं बोलायला मला जड जातं असं नाही. ट्रॅव्हलच्या टेबलावर बसणाऱ्या कुणालाच जात नाही. पण ‘खाना’ म्हणताना मी त्या माणसाच्या डोळ्यांत न बघता कपात बघत होते. माझ्या आईचं असं काही कुणी माझ्यापासून लपवलं तर? अजितचे फोटो आठवले. सगळ्या फोटोंत आई हसतेय. कमरेखालचं एकाही फोटोत नाही.

फोन परत वाजला. चेन. आता तो जवळजवळ रडत होता. आजूबाजूच्या गल्ल्या बघून झाल्या, काही नाही. मी फोन ठेवला आणि हमीदभाई डोळ्यांनी ‘नको, नको’ करत असताना सरळ जाऊन बाबांच्या शेजारच्या खुर्चीत बसले.

“बाबा, मैं झूठ बोला. फोटो नहीं आया. मम्मा मस्जिद से किधर गया, मालूम नहीं. गाड़ी भी नहीं है.”

हमीदभाई लगबगीने पाण्याचा ग्लास घेऊन आले. मी बाबांच्या छातीकडे बघत होते, जणू बघून काही कळणार होतं. त्यांनी कप खाली ठेवला. बोटं रुमालाला पुसली. मग शांतपणे विचारलं, “वो लड़की किधर है? बीमार लड़की?”

“मेई? अस्पताल में.”

“उम्म खालिद को मालूम है, वो अस्पताल में है?”

“मालूम है. सुबह से पूछती थी.”

“खलास,” ते म्हणाले, म्हणजे मग झालं तर. “उधर गई.”

मला समजेना. मी म्हटलं, उम्म खालिदना रस्ता कसा कळणार, ड्रायव्हरला अरबी येत नाही, आणि कुणी चार दिवसांच्या ओळखीच्या गाईडसाठी सगळी टूर सोडून... त्यांनी हात वर करून मला थांबवलं. मग त्यांनी मोडक्या हिंदीत, मध्येच अरबीत जात, जे सांगितलं ते मी माझ्या शब्दांत सांगते. हमीदभाईंनी अरबीचा अर्थ लावून दिला म्हणून मला पुरतं कळलं.

तरुणपणी एका फेरीत ते ग्वांगझूला आजारी पडले होते. टायफॉइड. बरोबरचे व्यापारी माल भरून परतले. हे दवाखान्यात एकटे, भाषा नाही, घरी कळवलेलं नाही. ज्या दुकानातून ते कापड घ्यायचे, तिथली मालकीण रोज डब्यातून तांदळाची पेज घेऊन यायची. काही बोलायची नाही. बसायची, पेज संपेपर्यंत, आणि डबा घेऊन जायची. पुढच्या वर्षी हे तिच्यासाठी हलवा घेऊन गेले, तर दुकान दुसऱ्याच कुणाचं झालं होतं.

“घर में बहुत साल बाद बोला,” बाबा म्हणाले. “उम्म खालिद गुस्सा हुई. मेरे पे नहीं. बोली, उस औरत का हम लोग पे बाकी है.” मग म्हणाले, “हमारे में, मेहमान को देखने वाला बीमार पड़े और मेहमान नदी देखता घूमे? ऐब है, बिंती. ऐब.”

मी एजन्सीच्या मॅनेजर बाईला फोन केला आणि विचारलं की मेई कुठल्या दवाखान्यात आहे. ती म्हणाली, विचारते, तिच्या वडिलांना... आणि तिथेच थांबली. मग हळूच म्हणाली, “तुम्हाला माहीत नाही? तो ड्रायव्हर म्हणजेच तिचे वडील.”

मला माहीत नव्हतं. चेनलाही नव्हतं, तो बाहेरून बोलावलेला. पोटची मुलगी ऑपरेशनच्या टेबलावर, आणि बाप सकाळपासून आमच्या गिऱ्हाईकाला नदी दाखवत होता. चाकरी. मशिदीतून बाहेर आलेल्या उम्म खालिदनी त्याला मेईचं नाव घेऊन, पोटावर हात ठेवून, गाडीकडे बोट दाखवलं असेल. त्याला अजून काय सांगायला हवं होतं? फोन त्याने उचलला नाही, कारण उचलला असता तर परत फिर म्हणाले असते.

वॉर्डातल्या नर्सकरवी निरोप गेला. मग किती वेळ गेला मी बघितलं नाही, कारण बघायची हिंमत नव्हती. बाबा तसबीहचे मणी ओढत होते. हमीदभाई दाराशी उभे. शेवटी फोटो आला. उम्म खालिद दवाखान्याच्या स्टुलावर बसलेल्या, त्यांचा हात मेईच्या कपाळावर, आणि पलंगाच्या त्या बाजूला एक पिकल्या केसांचा माणूस दोन्ही हातांनी मस्कतहून नेलेला ओमानी हलव्याचा डबा धरून उभा, काय करावं न कळून.

मी टेबलावर डोकं टेकून रडले. मला लाज वाटली नाही. बाबांनी माझा फोन उचलून तो फोटो मोठा केला, परत लहान केला. “अब हसती,” ते म्हणाले.

संध्याकाळी खालिद चिडून फोनवर आला. मनोरा राहिला, बोट राहिली, आईला कुणाला न विचारता भलतीकडे नेलं, त्या ड्रायव्हरला काढून टाका. एजन्सीही म्हणत होती, तुम्ही लेखी तक्रार द्या म्हणजे आम्हाला कारवाई करता येईल. बाबांनी माझ्या हातून फोन घेतला. मुलाला एवढंच म्हणाले की ड्रायव्हरने पाहुणीचा हुकूम मानला, आणि उद्या विमानतळावर सोडायला तोच माणूस पाहिजे. तक्रार गेली नाही. तोच माणूस सोडायला आला.

ती मंडळी परतल्यावर उम्म खालिद स्वतः ऑफिसात आल्या. थर्मास, खजूर, सगळा सरंजाम. माझ्यासाठी मेईने दिलेला एक रेशमी रुमाल. ओमानी माणूस बसला की आधी विचारपूस, आणि विचारपूस म्हणजे घरातल्या एकेकाची. नवरा कसा, मुलं कशी, भाऊ कसा. मी सवयीने सगळ्यांचं ‘अल्हम्दुलिल्ला’ सांगत गेले. “और मम्मा?”

“अस्पताल में,” माझ्या तोंडून निघून गेलं. “परसों ऑपरेशन है. भाई रोज फोटो भेजता है.”

त्यांनी कप खाली ठेवला. आणि जो आवाज चढवला तो फार्मसीपर्यंत गेला असेल. “फोटो? तुम सारा मस्कत को तिकिट देता. तुम्हारे पास अपना तिकिट नहीं? यल्ला! उठो!” आणि हमीदभाईंकडे वळून अरबीत काहीतरी झापलं. हमीदभाई मला म्हणाले, “जा बाय तू. सीझन मी बघतंय. नायतर ही बाय माझ्या घरी येयल.”

मी गेले. ऑपरेशनच्या आदल्या संध्याकाळी चिपळूणला पोचले. आईने मला बघून पहिलं वाक्य काढलं, “रजा कशी दिली गं त्यांनी?” आणि मग चेहरा पलीकडे वळवला, कारण तिला माझ्यासमोर रडायचं नव्हतं. पांघरूण सरकलं तेव्हा मी तिचा पाय पाहिला. सुजून काळानिळा झाला होता. तो कुठल्याही फोटोत नव्हता. अजितवर मला राग आला नाही. मीही हेच करत आले होते की.

ऑपरेशन नीट झालं. आई त्यानंतर दोन पावसाळे होती. पुढे ती गेली तेव्हाही मी जवळ होते. एवढं मला उम्म खालिदमुळे मिळालं.

ऑपरेशनच्या दुसऱ्या दिवशी सकाळी मी आईच्या उशाशी बसले होते. निघताना उम्म खालिदनी हातात दिलेला हलवा, साखर आहे म्हणून, जेमतेम कण कण तिला चारत होते. दात नव्हते, पण त्या हलव्याला दात लागत नाहीत. फोन वाजला. हमीदभाई.

“अगो, तुझा म्हातारा येऊन बसलाय हय, कहवा घेऊन. सकाळपासना. तुझ्या आईचा फोटो पायजे म्हणतो.”

माझ्या एका हातात चमचा होता. दुसरा हात आईने धरून ठेवला होता आणि ती तो सोडत नव्हती. फोन कसाबसा खांदा आणि कानाच्या मध्ये धरलेला.

“बाबांना सांगा,” मी म्हटलं, “आज फोटो नाही. हात मोकळा नाहीये.”